फॅसलेन: पाणबुड्या लंडनच्या, खाडी स्कॉटलंडची

ब्रिटनची अण्वस्त्रं आज ना विमानांत आहेत, ना जमिनीवरच्या क्षेपणास्त्रांवर. १९९८ साली तिथल्या हवाई दलाने आपला शेवटचा अणुबाँब सेवेतून काढला. तेव्हापासून त्या देशाची सगळी अण्वस्त्रताकद चार पाणबुड्यांमध्ये आहे आणि या चारही पाणबुड्यांचा तळ एकच: स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावरचं फॅसलेन. ग्लासगोसारखं मोठं शहर तिथून जेमतेम ४० किलोमीटरवर.

पेच असा आहे की, ज्या स्कॉटलंडमध्ये हा तळ आहे तिथल्या संसदेने २०१५ साली ९६ विरुद्ध १७ मतांनी या अण्वस्त्रांच्या नूतनीकरणाला विरोध नोंदवला. तिथे २००७ साली सत्तेवर आलेल्या स्कॉटिश नॅशनल पार्टीला, म्हणजे एसएनपीला, स्कॉटलंड स्वतंत्र हवा आहे आणि अण्वस्त्रं तिथून गेलेलीही हवी आहेत. पण १९९८च्या स्कॉटलंड कायद्यानुसार संरक्षण हा विषय लंडनच्या अखत्यारीत राहिला. त्यामुळे त्या ठरावाने तळावरचा एक खिळाही हलला नाही.

तळ तिथे आला कसा, तो उचलून दुसरीकडे नेणं इतकं अवघड का, आणि स्कॉटलंड उद्या खरंच वेगळा झाला तर काय होईल, हे नीट समजून घ्यायचं तर आधी जागा समजून घ्यावी लागते.

दोन खाड्या, दोन तळ

स्कॉटलंडमध्ये तळ्याला लॉख म्हणतात आणि जमिनीत आत शिरलेल्या समुद्राच्या फाट्यालाही लॉखच. कोकणातल्या खाड्या डोळ्यांसमोर आणा. फक्त गाळ आणि खारफुटीच्या जागी हिमनद्यांनी कोरलेलं खोल पाणी आणि थेट त्या पाण्यात उतरणारे डोंगर कल्पा. असे दोन लॉख इथे शेजारीशेजारी आहेत, गेअर लॉख आणि लॉख लाँग. दोघांच्या मध्ये रोझनीथचं चिंचोळं द्वीपकल्प. गेअर लॉखच्या काठावर फॅसलेन आहे: धक्के, कार्यशाळा, अख्खी पाणबुडी पाण्याबाहेर उचलणारी लिफ्ट, नौसैनिकांच्या बराकी. डोंगर ओलांडून पलीकडे, लॉख लाँगच्या काठावर कूलपोर्ट. तिथे डोंगराच्या पोटातल्या कोठारांमध्ये वॉरहेड, म्हणजे क्षेपणास्त्राच्या टोकाशी बसणारी अणुस्फोटकं, ठेवतात, आणि पाण्यावर तरंगणाऱ्या एका प्रचंड, छप्पर असलेल्या धक्क्यावर ते पाणबुडीतल्या क्षेपणास्त्रांवर बसवतात.

बातम्यांमध्ये नाव नेहमी फॅसलेनचं येतं. पण राजकारणाची खरी गाठ कूलपोर्टला बसलेली आहे. पाणबुडीला खोल पाणी, धक्का आणि कुशल माणसं मिळाली की ती कुठेही राहू शकते. वॉरहेडच्या कोठाराचं तसं नाही.

इथे एक घोळ आधीच निस्तरून टाकतो. ‘अणुपाणबुडी’ हा शब्द आपण दोन वेगळ्या गोष्टींसाठी वापरतो. एक, जिचं इंजिन अणुभट्टीवर चालतं ती. दोन, जिच्यात अण्वस्त्रं असतात ती. ब्रिटनच्या ॲस्ट्यूट वर्गाच्या पाणबुड्या पहिल्या प्रकारात मोडतात. त्यांत अणुभट्टी आहे, पण शस्त्रं पारंपरिक. व्हँगार्ड वर्गाच्या चार पाणबुड्यांत दोन्ही आहे, आपल्या अरिहंतमध्ये आहे तसं. वाद या चार पाणबुड्यांवरून आहे, पण फॅसलेनला दोन्ही प्रकार राहतात.

व्हँगार्ड वर्गाची पाणबुडी सुमारे १५० मीटर लांब असते आणि पाण्याखाली तिचं वजन १६ हजार टनांच्या आसपास भरतं. तिच्या पोटात क्षेपणास्त्रांसाठी १६ नळ्या आहेत. २०१० साली ब्रिटिश सरकारने जाहीर केलं होतं की एका पाणबुडीवर जास्तीत जास्त ८ क्षेपणास्त्रं आणि ४० वॉरहेड ठेवू. २०२१ साली मात्र धोरण बदललं. देशाच्या एकूण वॉरहेडची कमाल मर्यादा २६० पर्यंत वाढवली आणि तैनात शस्त्रांचे आकडे यापुढे सांगणार नाही, असंही ठरवलं. हे क्षेपणास्त्र म्हणजे ट्रायडेंट, पल्ला सात हजार किलोमीटरहून जास्त. ते अमेरिकी बनावटीचं आहे. ब्रिटिश पाणबुडी अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यात किंग्ज बे इथे जाते, दोन्ही देशांच्या सामायिक साठ्यातून क्षेपणास्त्रं घेते आणि परत येते. वॉरहेड ब्रिटनचे स्वतःचे. ते इंग्लंडमध्ये बर्कशर परगण्यात तयार होतात आणि लष्करी ट्रकांच्या ताफ्यातून, साध्या हमरस्त्यांवरून, शेकडो किलोमीटर उत्तरेला कूलपोर्टपर्यंत येतात.

एप्रिल १९६९ पासून, म्हणजे या चौघींच्या आधीच्या पाणबुड्यांपासून, ब्रिटनची किमान एक अण्वस्त्रधारी पाणबुडी कायम समुद्रात असते. शत्रूने लंडन बेचिराख केलं तरी उलट वार करणारं कोणीतरी शिल्लक राहील आणि ते नेमकं कुठे आहे हे कोणाला कळणार नाही, हा त्यामागचा हिशेब. चार पाणबुड्या लागतात त्याही याच हिशेबाने: एक गस्तीवर, एक मोठ्या दुरुस्तीत, उरलेल्या दोन तयारीत, सरावात किंवा देखभालीत. नवा पंतप्रधान सत्तेवर आला की स्वहस्ते चार पत्रं लिहितो आणि ती चार पाणबुड्यांच्या तिजोऱ्यांत ठेवली जातात. देश उद्ध्वस्त झाला आणि सरकारशी संपर्कच उरला नाही, तर काय करायचं याचा आदेश त्या पत्रात असतो. पद सोडलं की पत्र न उघडता नष्ट करतात.

तळ इथेच का आला

गेअर लॉखचा पाणबुड्यांशी संबंध अण्वस्त्रांच्या कितीतरी आधीचा आहे. २९ जानेवारी १९१७ रोजी के-१३ नावाची वाफेवर चालणारी पाणबुडी इथे चाचणी देताना बुडाली आणि ३२ माणसं गेली. फॅसलेनच्या दफनभूमीत त्यांचं स्मारक आहे. दुसऱ्या महायुद्धात इंग्लंडच्या दक्षिणेकडची बंदरं जर्मन बाँबहल्ल्यांखाली आली, तेव्हा सुरक्षित पर्याय म्हणून १९४१ साली फॅसलेनला लष्करी बंदर उभारलं. युद्ध संपल्यावर तिथे जहाजं तोडायचा धंदा चालला. ब्रिटनची शेवटची बॅटलशिप, म्हणजे जाड चिलखताची आणि मोठ्या तोफांची युद्धनौका, व्हँगार्ड १९६० साली तोडण्यासाठी इथेच आणली गेली. आजच्या पाणबुडीला तिचंच नाव आहे.

मग आलं शीतयुद्ध, आणि इथून पुढे सगळं वेगाने घडलं. १९६०च्या सुरुवातीला पंतप्रधान हॅरॉल्ड मॅकमिलन आणि अमेरिकेचे अध्यक्ष आयझेनहॉवर यांच्यात समजूत झाली. ब्रिटनला विमानातून सोडायचं स्कायबोल्ट क्षेपणास्त्र मिळावं, आणि अमेरिकेला पोलारिस ही अण्वस्त्रवाहू क्षेपणास्त्रं असलेल्या तिच्या पाणबुड्यांसाठी स्कॉटलंडमध्ये जागा. नेमकी जागा ठरवताना मॅकमिलन अस्वस्थ होते. क्लाइड नदीच्या मुखाजवळ तळ म्हणजे ग्लासगोच्या दारात तळ, म्हणून त्यांनी आणखी उत्तरेचं, विरळ वस्तीचं लॉख लिनी सुचवलं. अमेरिकी नौदलाला मात्र सुरक्षित पाण्याबरोबर विमानतळ आणि खलाशांच्या कुटुंबांना राहण्याजोगं गाव जवळ हवं होतं. ठरली ती डनून गावाजवळची होली लॉख ही जागा, आणि मार्च १९६१ मध्ये अमेरिकी जहाज तिथे येऊन नांगरलं. माझ्या दृष्टीने सगळ्या कथेतला हा सर्वांत महत्त्वाचा प्रसंग आहे. वस्तीजवळ तळ नको, ही शंका आंदोलकांच्या आधी खुद्द पंतप्रधानांना आली होती. ती कागदोपत्री मांडली गेली, आणि सोयीपुढे हरली.

१९६२च्या अखेरीस अमेरिकेने स्कायबोल्ट रद्द केलं. ब्रिटन अक्षरशः रिकाम्या हाताने उभा राहिला. त्याच डिसेंबरात बहामामधल्या नासाऊ इथे मॅकमिलन आणि केनेडी भेटले, आणि अमेरिकेने ब्रिटनला पोलारिस क्षेपणास्त्रं विकायचं कबूल केलं. आता ब्रिटनला स्वतःच्या पाणबुड्यांसाठी तळ हवा होता, तोही तातडीने. इंग्लंड, वेल्स आणि स्कॉटलंडमधल्या दहा जागा तपासल्या. डेव्हनपोर्ट प्लिमथ शहराला खेटून होतं. फालमथला शस्त्रांच्या कोठारासाठी जी जागा सापडत होती, ती तळापासून सोयीची नव्हती आणि सुट्टीला येणाऱ्या लोकांच्या गर्दीची होती. मिलफर्ड हेवनला तेल शुद्धीकरणाचे कारखाने नुकतेच उभे राहत होते. फॅसलेनला पाणबुड्यांचा एक ताफा १९५०च्या दशकातच आलेला होता, पाणी खोल होतं, अटलांटिक जवळ होता आणि डोंगराआड कूलपोर्टसारखी रिकामी जागा होती. अमेरिकेचा तळही शेजारच्याच खाडीत.

१९६३ साली निवड झाली, ऑगस्ट १९६७ मध्ये तळ रीतसर सुरू झाला आणि जून १९६८ मध्ये रेझोल्यूशन ही पहिली पोलारिस पाणबुडी गस्तीवर गेली. स्कॉटलंडला वेगळी संसद तेव्हा नव्हतीच. ती १९९९ साली आली. तेव्हा स्कॉटलंडची संमती घ्यावी का, हा प्रश्न कोणी विचारावा अशी व्यवस्थाही नव्हती.

मार्गारेट थॅचर यांच्या सरकारने १९८० साली ट्रायडेंट घ्यायचं ठरवलं आणि पोलारिसच्या काळातला तळ अपुरा पडला. फॅसलेन आणि कूलपोर्टला जवळपास नव्याने बांधावं लागलं. खर्च १९० कोटी पौंडांच्या घरात गेला, मूळ अंदाजापेक्षा कितीतरी पुढे. आज ‘तळ हलवा’ म्हणणाऱ्यांना लंडनकडून जे उत्तर मिळतं, त्यातलं निम्मं वजन या काँक्रीटचं आहे. डिसेंबर १९९४ मध्ये व्हँगार्ड पहिल्या ट्रायडेंट गस्तीवर निघाली. त्याआधी, १९९२ साली, होली लॉखचा अमेरिकी तळ ३१ वर्षांनी बंद झाला. अमेरिकी कुटुंबं गेली तशी डनूनची भाड्याची घरं, टॅक्सी, दुकानं, सगळ्यांचं उत्पन्न एकदम आटलं. तळ जाण्याचा अर्थ काय, हे या किनाऱ्यावरच्या लोकांनी एकदा पाहिलेलं आहे, आणि त्यांच्याशी नोकऱ्यांबद्दल बोलताना कोणीही ते विसरू नये.

तळाच्या सावलीत

फॅसलेनच्या फाटकाजवळ, रस्त्याच्या कडेला, जून १९८२ पासून एक शांतता छावणी आहे. रंगवलेल्या कॅराव्हॅन, झाडांत लटकवलेले फलक, बदलत राहणारी माणसं. छावणी आजवर टिकून आहे. २००६ ते २००७ असं वर्षभर आंदोलकांनी पाळीपाळीने तळाची वाट अडवली. जून १९९९ मध्ये तीन महिला लॉख गॉइलमधल्या पाणबुडी संशोधनाच्या तरंगत्या प्रयोगशाळेवर चढल्या आणि तिथले संगणक पाण्यात फेकून दिले. ग्रीनॉकच्या न्यायालयात त्या निर्दोष सुटल्या, कारण अण्वस्त्रं आंतरराष्ट्रीय कायद्याविरुद्ध आहेत हा त्यांचा बचाव न्यायाधीशांनी ग्राह्य धरला. देशभर खळबळ उडाली. पुढे २००१ साली स्कॉटलंडच्या वरिष्ठ न्यायालयाने सांगितलं की हा बचाव कायद्यात बसत नाही.

पाणबुड्यांची झळ आंदोलनाशी काही देणंघेणं नसलेल्यांनाही बसली. २२ नोव्हेंबर १९९० रोजी क्लाइडच्या मुखाजवळ सराव करणाऱ्या ट्रेंचंट पाणबुडीत अँटारेस या मासेमारी बोटीचं जाळं अडकलं. बोट खाली ओढली गेली आणि कॅराडेल गावचे चारही मच्छीमार बुडाले. पाणबुडी अण्वस्त्रांची नव्हती, पण अणुभट्टीवर चालणारी होती. पाणबुड्यांच्या सरावाची सूचना मच्छीमारांना आधी देण्याच्या व्यवस्थेकडे त्यानंतर गांभीर्याने पाहिलं गेलं. चार जीव गेल्यावर.

दुसरी बाजू रोजगाराची. तळावर साडेसहा हजारांहून जास्त लोक काम करतात; स्कॉटलंडमध्ये एका ठिकाणी इतकी माणसं कामावर ठेवणाऱ्या जागा फारच थोड्या. वेल्डर, वीजतंत्री, अणुभट्टीचे अभियंते, स्वयंपाकी, सुरक्षारक्षक. तळाजवळच्या हेलेन्सबरा गावाचं अर्थकारण यांच्या पगारावर चालतं. कामगार संघटना म्हणूनच या प्रश्नावर दुभंगलेल्या असतात. गंमतीची नव्हे, गंभीर गोष्ट अशी की २०१२ साली माहिती अधिकाराखाली संरक्षण मंत्रालयानेच दिलेल्या उत्तरात थेट ट्रायडेंटवर अवलंबून असलेल्या नागरी नोकऱ्यांची संख्या फक्त ५२० निघाली. उरलेलं काम बाकीच्या पाणबुड्यांचं आणि तळाच्या रोजच्या रहाटगाडग्याचं. म्हणजे ‘ट्रायडेंट गेलं की हजारो बेरोजगार’ हे वाक्य एका अटीवरच खरं ठरतं: ट्रायडेंटबरोबर बाकीच्या पाणबुड्याही गेल्या तर. स्कॉटलंड स्वतंत्र झाला तर त्या जाणारच, कारण त्याही ब्रिटनच्याच. त्या जागी स्कॉटलंड स्वतःचं किती नौदल आणू शकेल, यावर नोकऱ्यांचं उत्तर ठरेल.

सार्वमत आणि त्यानंतर

एसएनपी अण्वस्त्रविरोधी आहे ती होली लॉखच्या काळापासून. बराच काळ तिला नाटोही नको होती. ऑक्टोबर २०१२ मध्ये पक्षाने अधिवेशनात थोडक्या फरकाने धोरण बदललं: स्वतंत्र स्कॉटलंड नाटोत राहील, पण अण्वस्त्रं ठेवणार नाही. दोन आमदारांनी या बदलाच्या निषेधार्थ पक्ष सोडला. पक्षाचा दाखला नॉर्वे आणि डेन्मार्कचा असतो. हे दोन्ही देश नाटोत आहेत आणि शांततेच्या काळात आपल्या भूमीवर अण्वस्त्रं येऊ देत नाहीत. दाखला बरोबर आहे, पण अपुरा आहे. नॉर्वेने नकार दिला तो शस्त्रं येण्याआधी. स्कॉटलंडला ती बाहेर काढावी लागतील, आणि तीही नाटोच्याच एका मोठ्या सदस्याची.

१८ सप्टेंबर २०१४ रोजी सार्वमत झालं. त्याआधी स्कॉटिश सरकारने प्रसिद्ध केलेल्या आराखड्यात पहिल्या संसदेच्या मुदतीत, म्हणजे २०२० पर्यंत, अण्वस्त्रं हटवायचं उद्दिष्ट होतं. फॅसलेन स्वतंत्र स्कॉटलंडच्या सैन्याचं मुख्यालय होणार होतं. सुमारे ५५ टक्के लोकांनी स्वातंत्र्य नाकारलं आणि प्रश्न मिटला असं लंडनला वाटलं. पण दोन वर्षांतच, जुलै २०१६ मध्ये, वेस्टमिन्स्टरच्या, म्हणजे लंडनमधल्या ब्रिटिश संसदेत ट्रायडेंटच्या नव्या पाणबुड्यांवर मतदान झालं. ठराव ४७२ विरुद्ध ११७ मतांनी मंजूर झाला. स्कॉटलंडच्या ५९ खासदारांपैकी ५८ जणांनी विरोधात मत दिलं. हा आकडा मी वाचकांना पुन्हा एकदा वाचायला सांगेन, कारण ‘स्कॉटलंडचं मत विभागलेलं आहे’ असं म्हणून तो अनेकदा बाजूला सारला जातो. सामान्य लोकांमधल्या पाहण्यांत कौल विभागलेला दिसतो, प्रश्न कसा विचारला यावर तो बदलतोही. पण निवडून दिलेल्या प्रतिनिधींचा त्या दिवशीचा कौल विभागलेला नव्हता.

पुढे वारं फिरलं. नोव्हेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की लंडनच्या संमतीशिवाय स्कॉटिश संसद सार्वमत घेऊ शकत नाही. त्याच वर्षी रशियाने युक्रेनवर पूर्ण ताकदीने हल्ला केला आणि युरोपभर अण्वस्त्रांविषयीची भाषा बदलली. २०२४च्या ब्रिटिश निवडणुकीत एसएनपी ४८ वरून ९ जागांवर आली आणि लेबर पक्ष सत्तेवर आला. तो ट्रायडेंटच्या ठाम बाजूने आहे.

स्कॉटलंड स्वतंत्र झाला तर

समजा कधी तरी पुन्हा सार्वमत झालं आणि कौल स्वातंत्र्याच्या बाजूने गेला. दुसऱ्या दिवशी फॅसलेनचं काय?

अण्वस्त्रप्रसारबंदी करारानुसार अण्वस्त्रधारी देश पाचच. उरलेल्या ब्रिटनने तो दर्जा स्वतःकडे ठेवला असता आणि स्कॉटलंड त्या करारात अण्वस्त्रं नसलेला देश म्हणून आला असता. असा देश अण्वस्त्रांचा मालक होऊ शकत नाही. पण दुसऱ्याची अण्वस्त्रं, दुसऱ्याच्याच ताब्यात, आपल्या भूमीवर ठेवू शकतो का? जर्मनी आणि इटलीत अमेरिकी बाँब आहेत, त्यामुळे या प्रश्नाला कायद्याने सरळ ‘नाही’ असं उत्तर मिळत नाही. म्हणजे निर्णय राजकीय होईल.

पटकन हटवायचं म्हटलं तर तांत्रिकदृष्ट्या ते जमण्यासारखं आहे. वेस्टमिन्स्टरच्या स्कॉटिश व्यवहार समितीने २०१२ साली पुरावे ऐकून निष्कर्ष काढला होता की शस्त्रं काही दिवसांत निकामी करता येतील आणि दोन वर्षांच्या आत सगळे वॉरहेड स्कॉटलंडबाहेर नेता येतील. पण न्यायचे कुठे? इंग्लंडमध्ये कूलपोर्टसारखी दुसरी जागा नाही. त्यामुळे दोन वर्षांची मुदत म्हणजे व्यवहारात ब्रिटनला अण्वस्त्रं सोडायला लावणं, आणि लंडन चर्चेच्या टेबलावर हे कधीच मान्य करणार नाही. चलन, कर्जाची वाटणी, सीमा, नाटोचं सदस्यत्व, यांपैकी प्रत्येक गोष्टीत स्कॉटलंडला लंडनची गरज असेल. फॅसलेन हा स्कॉटलंडच्या हातातला सगळ्यात मोठा हुकमाचा पत्ता आहे, आणि तो खेळल्यावर सगळ्यात जास्त राग ओढवून घेणाराही तोच आहे.

दुसरीकडे नेण्याचा पर्याय २०१४ साली लंडनच्या रुसी या संरक्षण अभ्यास संस्थेने तपासला. पाणबुड्या डेव्हनपोर्टला आणि वॉरहेड फालमथजवळ, असा तो आराखडा. जमीन खरेदी सोडून वाढीव खर्च अडीच ते साडेतीन अब्ज पौंड, आणि वेळ दशकाहून जास्त. पैसा तुलनेने कमीच म्हणायचा. चार नव्या पाणबुड्यांचा अंदाज ३१ अब्ज पौंड आणि वर १० अब्जांची राखीव तरतूद आहे. खरी अडचण लोकांची. घन रॉकेट इंधनाने भरलेली क्षेपणास्त्रं आणि वॉरहेड एकत्र हाताळायचे तर भोवती मोठं निर्मनुष्य वर्तुळ लागतं. फालमथ आहे त्या कॉर्नवॉलच्या किनाऱ्यावर, जिथे घरांच्या किमती गगनाला भिडल्यात आणि पर्यटन हाच धंदा आहे, तिथे ते वर्तुळ कोणाच्या घरावरून आखायचं? मिलफर्ड हेवनला आता द्रवरूप नैसर्गिक वायूची मोठी टर्मिनल आहेत, म्हणजे १९६३ची अडचण तिथे वाढलीच आहे. जी जोखीम इंग्लंडच्या मतदारांना पटवणं अशक्य वाटतं, ती स्कॉटलंडच्या मतदारांनी साठ वर्षं निमूट घ्यावी, यात मला अन्याय दिसतो. स्वातंत्र्याच्या बाजूचं असायची गरज नाही हे मान्य करायला.

परदेशात तळ हलवायची कल्पनाही येऊन गेली आहे: फ्रान्समधला पाणबुड्यांचा तळ इल लाँग किंवा अमेरिकेतलं किंग्ज बे. पण ज्या शस्त्राची ओळखच ‘स्वतंत्र’ अशी करून दिली जाते, ते दुसऱ्याच्या बंदरात कायमचं ठेवलं तर त्या शब्दात काय उरतं?

राहिला भाडेपट्टा. जुलै २०१३ मध्ये बातमी आली होती की सायप्रसमधल्या ब्रिटिश तळांसारखा फॅसलेनचा परिसर ब्रिटनच्याच सार्वभौम ताब्यात ठेवायचा विचार संरक्षण मंत्रालयात झाला. पंतप्रधान कार्यालयाने ती लगोलग फेटाळली. इतिहासात मात्र याच धर्तीचा एक दाखला अगदी शेजारचाच आहे. १९२१च्या करारानंतर आयर्लंड वेगळा झाला तेव्हा ब्रिटनने तिथली तीन बंदरं स्वतःकडे ठेवली. ती १९३८ साली परत दिली, तीही वाटाघाटीने, आणि पुढच्याच वर्षी महायुद्ध सुरू झाल्यावर चर्चिल यांना तो निर्णय फार टोचला. उलट उदाहरण सेवास्तोपोलचं. १९९७ साली युक्रेनने रशियाच्या ताफ्याला क्रिमियातलं बंदर भाड्याने दिलं. २०१४ साली त्याच तळाच्या आधाराने रशियाने क्रिमिया गिळला. ब्रिटन आणि स्कॉटलंड तसे वागतील असं मला मुळीच वाटत नाही. पण परक्या लष्कराचा तळ अंगणात ठेवणाऱ्या नव्या देशाने मुदत, अधिकार आणि बाहेर पडण्याची अट कागदावर किती काटेकोर लिहून घ्यावी, हे त्यातून दिसतं.

माझा अंदाज विचाराल तर स्वातंत्र्य आलंच तर तडजोड मुदतीवर होईल. स्कॉटलंड दोन-चार वर्षं म्हणेल, लंडन वीस म्हणेल आणि आकडा मध्ये कुठेतरी ठरेल. त्या बदल्यात नाटोचं दार आणि कर्जाच्या हिश्श्यात सवलत मिळेल. एसएनपीच्या मतदारांना हे कडू लागेल. स्कॉटिश सरकारने २०२३ साली मांडलेल्या राज्यघटनेच्या प्रस्तावात अण्वस्त्रमुक्तीसाठी प्रयत्न करण्याचं बंधन होतं, आणि ‘प्रयत्न’ या शब्दाने वाटाघाटीला जागा ठेवली होती.

आणि नाही झाला तर

स्वातंत्र्य न येता सगळं आहे तसंच चाललं, तरी तळ आहे तसा राहणार नाही. ड्रेडनॉट वर्गाच्या चार नव्या पाणबुड्या २०३०च्या दशकाच्या सुरुवातीपासून सेवेत येतील आणि २०६०च्या दशकापर्यंत चालतील असा हिशेब आहे. तोवर जुन्या व्हँगार्ड ओढाव्या लागताहेत. खुद्द व्हँगार्डची दुरुस्ती डेव्हनपोर्टला सात वर्षांहून जास्त लांबली. परिणाम खलाशांवर झाला. पूर्वी तीन महिन्यांच्या आसपास असणारी गस्त आता पाच-सहा महिन्यांवर गेली आहे. इतका काळ सूर्य न बघता, घरी एक शब्दही न पाठवता राहणाऱ्या माणसांचा विचार या चर्चेत दोन्ही बाजूंनी फारच कमी होतो.

कूलपोर्टही म्हातारं झालं आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये दीर्घ माहिती अधिकाराच्या लढ्यानंतर स्कॉटलंडच्या पर्यावरण संस्थेची कागदपत्रं बाहेर आली. जुने पाण्याचे पाइप फुटून ट्रिटियम हा किरणोत्सर्गी पदार्थ असलेलं पाणी लॉख लाँगमध्ये गेल्याचं त्यांत होतं. प्रमाण अगदी कमी होतं, आरोग्याला धोका नव्हता, असं त्याच संस्थेचं म्हणणं. मग ती कागदपत्रं इतकी वर्षं दाबून ठेवण्याचं कारण काय, हे स्थानिकांना समजावून सांगणं मात्र कठीण आहे. किरणोत्सर्गापेक्षा या लपवाछपवीने तळाचं जास्त नुकसान केलं आहे, असं मला वाटतं.

जून २०२५ मध्ये लंडनने तळाच्या पुनर्बांधणीसाठी पहिल्या तीन वर्षांचे २५ कोटी पौंड जाहीर केले. हे काम काही दशकं चालेल. कार्यक्रमाचं नाव आहे ‘क्लाइड २०७०’. तोवर स्कॉटिश संसदेच्या, ठरल्या वेळी झाल्या तर, किमान नऊ निवडणुका होतील, आणि त्यांपैकी एकीतही फॅसलेनवर निर्णय घ्यायचा अधिकार निवडून येणाऱ्यांना नसेल.